महाज्वालेचं बोडण

महाज्वालेला नऊवारी नेसवण्याचं काम आमच्या घरात आलं ते माझ्यामुळे, हे मी सुरुवातीलाच कबूल करून टाकतो. शरदिनीने सांगण्यापेक्षा मी सांगितलेलं बरं. तिच्या तोंडी ही गोष्ट गेली की माझी भूमिका फार लहान आणि फार मूर्ख होते.

मी रेल्वेच्या आरक्षण खिडकीवर तेहतीस वर्षं काढली. समोरच्याच्या डोळ्यांत बघून 'नाही' म्हणण्याचाच मला पगार मिळायचा. लोक रडले, मंत्र्यांच्या ओळखी सांगून गेले, मी ढिम्म हललो नाही. पण निवृत्तीनंतर कुणी काही मागायलाच येईना. अशात फेब्रुवारीतल्या एका सकाळी एक दाढीवाला तरुण दारात उभा राहिला आणि चक्क मराठीत म्हणाला, "काका, इथे कुणाला खरी नऊवारी नेसवता येते का हो?" काशीत, आमच्या दुर्गाघाटाच्या गल्लीत अनोळखी माणूस मराठी बोलला की आम्हाला नाही म्हटलं तरी भरून येतं. आता मराठी घरं राहिली आहेत मोजकी, आणि त्यांतली पोरंसुद्धा भांडतात ती हिंदीत. मी म्हणालो, "हो, आमच्याकडेच येते की. या, बसा." शरदिनी तेव्हा देवपूजेला बसली होती. तिला विचारायला हवं होतं, हे मला तो चहा पिऊन झाल्यावर सुचलं.

तरुणाचं नाव ऋतुराज. 'अष्टवीर' नावाच्या अवाढव्य चित्रपटमालिकेचा पाचवा भाग बालाजी घाटावर चित्रित होत होता आणि हा त्यात साहाय्यक दिग्दर्शक होता. मला 'अष्टवीर' काय ते माहीत नव्हतं. ते मला शेजारच्या विष्णुपंतांच्या नातीने, मुक्ताने, नंतर अर्धा तास उभं राहून समजावलं. आठ वीर आहेत. सात पुरुष आणि आठवी महाज्वाला. या महाज्वालेच्या तळहातातून अशी काही आग निघते की एका फटक्यात ग्रहाचे दोन तुकडे. आता इतकी ताकद असलेली बाई पहिल्यापासून हजर असेल तर चित्रपट पंधरा मिनिटांत संपेल. म्हणून तिला दर भागात कुठेतरी पाठवून देतात. पहिल्या भागात ती बर्फात गाडलेली, दुसऱ्यात दुसऱ्या आकाशगंगेत, तिसऱ्यात बेशुद्ध आणि चौथ्यात तिची स्मृती गेलेली. सातजण दोन तास मार खातात, मग ही शेवटच्या दहा मिनिटांत येते आणि सगळं निस्तरते.

"प्रल्हादआजोबा, इत्ती पावरफुल है तो लास्टमध्येच का येते?" मुक्ता आठ वर्षांची. मी म्हणालो, मोठी माणसं उशिराच येतात.

तर अडचण अशी होती की पाचव्या भागात महाज्वाला नऊवारीत उडणार होती. मुंबईहून शिवलेली तयार नऊवारी आणली होती, पण बाईंना तारेवर टांगून लाथ मारायला लावली की मागची शिवण उसवायची. तीन साड्या फाटल्या. चौथ्या वेळी दिग्दर्शकानेच स्वतःचे केस उपटले. "खरा कासोटा हवा, काका. उलटं टांगलं तरी न सुटणारा," ऋतुराज म्हणाला. आणि मग आवाज खाली करून, "हा फार महत्त्वाचा प्रसंग आहे. कुणाला बोलू नका हं, आमच्या सह्या झाल्यात कागदावर. महाज्वाला या भागात मरते. त्या सातजणांना वाचवण्यासाठी घाटावरून आकाशात झेपावते आणि जळून जाते."

मी शब्द दिला. संध्याकाळी ओट्यावर मी हे फक्त विष्णुपंतांना सांगितलं, तेही शपथ घालून. एका माणसाला सांगणं म्हणजे काही गावभर करणं नव्हे, असं माझं तेव्हाचं मत होतं.

शरदिनीने काम नाकारलं नाही, पण अटी घातल्या. तिच्या मते बाजारातलं कुठलंच कापड टिकणार नव्हतं. टिकलं असतं ते तिचं लाल रेशमी लुगडं, जे ती नैवेद्याच्या स्वयंपाकाला सोवळ्यात नेसते. "ते देईन," ती ऋतुराजला म्हणाली, "पण लुगडं सोवळ्याचं आहे. बाईंनी आमच्याकडे अंघोळ करायची, मग मी नेसवीन. घरात आहेत तोवर त्यांना कुणी शिवायचं नाही. एकदा घाटावर गेल्या की तुम्ही उडवा नाहीतर बुडवा." ऋतुराजने उडवताना बांधायचे पट्टे दाखवले. त्यांना चामड्याचं अस्तर होतं. शरदिनीने त्यांच्याकडे अशा नजरेने पाहिलं की ते त्याने आपणहून जिन्याखाली नेऊन ठेवले.

मग परवानगी. घाटावर कुणी हवेत जाणार असेल तर स्थानिक रहिवाशाची सही लागते म्हणे. ती सही माझी. मी ऋतुराजबरोबर कचेरीत गेलो. खिडकी बघून मला माहेरी आल्यासारखं वाटलं, पण खिडकीच्या या बाजूला उभं राहणं निराळंच असतं. बाबूने अर्ज वाचला, चष्मा काढला. "उड़ने वाले कॉलम में ड्रोन है, साहब. महिला का कॉलम नहीं है."

"ड्रोन नाही हो, बाई आहे. तारेवर," मी हिंदीत समजावलं.

"वजन?"

ऋतुराजने सांगितलं.

"कितनी ऊँचाई तक जाएँगी?"

"चाळीस फूट."

"बैटरी?"

तीन खेपांनंतर परवानगी मिळाली. कागदावर लिहिलं होतं: महिला ड्रोन, एक नग, शुक्रवार, सकाळी सात ते दहा. तो कागद मी घरी आणून अभिमानाने शरदिनीपुढे ठेवला. तिने वार वाचला आणि कपाळाला हात लावला.

कारण शुक्रवारी आमच्याकडे बोडण होतं.

बोडण ज्यांच्याकडे नसतं त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. घरात लग्न झालं की किंवा मूल झालं की आम्हा कोकणस्थांकडे हा कुलाचार करतात. परातीत अन्नपूर्णेची मूर्ती ठेवायची, पुरणाचा नैवेद्य घालायचा. चार सवाष्णी आणि एक कुमारिका, पाचीजणी सोवळ्यात परातीभोवती बसतात आणि दूध, दही, तूप, मध, साखर घालत सगळं हातांनी कालवतात. कुमारिकेला मधूनमधून विचारायचं, काय हवं? ती मागेल ते घालायचं. ती 'पुरे, देवी तृप्त झाली' म्हणेपर्यंत कुणी परातीतून हात काढायचा नाही आणि उठायचं नाही. त्या वेळी कुमारिका म्हणजेच देवी. आमच्याकडे पुरुषाला तर त्या खोलीत डोकावायचीसुद्धा बंदी आहे.

आमच्या शार्दूलला मुलगा झाला, त्याचं हे बोडण. दोनदा पुढे ढकललं होतं, कारण काशीत चार कोकणस्थ सवाष्णी एका दिवशी एकत्र मिळणं ही सोपी गोष्ट राहिलेली नाही. शार्दूल आणि सून रुचा बाळाला घेऊन शनिवारी हैदराबादला परतणार. म्हणजे शुक्रवार हाच शेवटचा दिवस. शरदिनीने सवाष्णी जुळवल्या होत्या: ती स्वतः, रुचा, विष्णुपंतांच्या पद्मावहिनी आणि ब्रह्माघाटावरच्या गीताबाई. कुमारिका मुक्ता. "सकाळी त्या बाईंना नेसवून पाठवते आणि दुपारी बोडण करते," असं तिने ठरवलं. मी म्हणालो, उत्तम.

शुक्रवारी सहा वाजता मालविका आली. महाज्वालेचं काम करते ती हीच. मेकअपची गाडी गल्लीत शिरणं शक्य नव्हतं, त्यामुळे ती मोठ्या रस्त्यापासून चालत, एका सांडाला वाट देत आली. पडद्यावर दोन ग्रहांना पुरून उरणारी ही बाई प्रत्यक्षात माझ्या खांद्याला लागत होती आणि तिला सर्दी झाली होती. शरदिनीने तिला अंघोळीला पाठवलं, मग आतल्या खोलीत नेऊन नेसवलं. बाहेर आली तेव्हा रंगभूषाकार डबा उघडून पुढे झाला. शरदिनी म्हणाली, "लांबून." त्याने लांबून पावडर उडवून पाहिली. ती माझ्या चष्म्यावर बसली.

साडेसहाला गीताबाईंचा फोन आला. रात्रीपासून ताप होता, उठवत नव्हतं.

शरदिनी फोन ठेवून खाली बसली. सदतीस वर्षांच्या संसारात मी तिला अशी बसलेली फार थोड्या वेळा पाहिली आहे. रुचा बाळाला थोपटत राहिली. मला काहीतरी बोलायला हवं म्हणून मी म्हणालो, पुढच्या वर्षी करू. कुणीही माझ्याकडे पाहिलं नाही.

मग शरदिनीची नजर मालविकावर गेली. सोवळ्यात, लाल रेशमी लुगड्यात, सकाळपासून कुणीही न शिवलेली.

"तुमचं माहेर कुठलं?" तिने विचारलं.

"चिपळूण."

"लग्न झालंय?"

"झालंय, काकू. नवरा बंगलोरला असतो."

"गोत्र?"

मालविकाला गोत्र आठवेना. तिने आईला फोन लावून विचारलं, आईने आधी "तू जेवलीस का" विचारलं आणि मग गोत्र सांगितलं. ते पटण्यासारखं निघालं. "किती वेळ लागेल?" मालविकाने विचारलं. शरदिनी म्हणाली, पुरण पहाटेच शिजवून झालंय, फार तर अर्धा तास. ऋतुराजने आकाशाकडे पाहिलं, घड्याळाकडे पाहिलं आणि मान हलवली. घाटावरून परत आल्यावर ते लुगडं सोवळ्यात राहिलं नसतं, आणि मालविकाचं विमान दुपारचं होतं. दुसरा मार्ग नव्हता.

सात वाजता दार बंद झालं. मी सोवळं नेसून दाराला पाठ लावून बाहेर उभा राहिलो. काही कमी पडलं तर दाराच्या फटीतून, आत न बघता, वाटी सरकवायची हे माझं काम. त्यामुळे पुढचं मी पाहिलेलं नाही, फक्त ऐकलेलं आहे.

सुरुवात रीतसर झाली. आरती झाली. शरदिनीने विचारलं, "कुमारिके, काय हवं?"

"दूध," मुक्ता म्हणाली. दूध घातलं.

"काय हवं?"

"दही."

मग मध, साखर, तूप. मग पुन्हा दूध. सव्वासात झाले, साडेसात झाले. आतून हात फिरवल्याचा पचपच आवाज येत होता. मी दुधाचं दुसरं पातेलं सरकवलं. पावणेआठला मध संपला. ऋतुराजने घाटावर माणूस पिटाळला आणि नायकांपैकी एक जण गरम पाण्यातून घेतो तो मध मागवला. आठ वाजता परात काठोकाठ भरली म्हणून मी घंगाळ सरकवलं.

"मुक्ता, बास कर ग," पद्मावहिनी म्हणाल्या. "देवीचं पोट बिघडेल."

"देवी को और चाहिए," मुक्ता म्हणाली. "साखर."

बाहेर आता गर्दी जमली होती. ऋतुराजच्या फोनवर दिग्दर्शक ओरडत होता. त्याचं म्हणणं, दहा वाजता परवानगी संपते, प्रकाश चाललाय, दोनशे माणसं घाटावर बसून आहेत, बाईंना उचलून आणा. ऋतुराजने माझ्याकडे पाहिलं. मी तेहतीस वर्षांच्या अनुभवाने 'नाही' म्हणालो. विष्णुपंत ओट्यावर पाय पसरून बसले होते. त्यांना प्रत्येक गोष्टीवर मत असतं. "कुमारिका म्हणजे साक्षात देवी," ते म्हणाले. "देवीला घाई करता येत नाही. आमच्या आजीच्या वेळी सांजवेळ झाली होती." हे ऐकून ऋतुराज मटकन पायरीवर बसला. मागे शार्दूलच्या हातात बाळ रडायला लागलं, पण ज्या बाळाचं बोडण, त्याची आईच परातीत हात घालून अडकलेली.

पावणेनऊला आतले आवाज थांबले. मग शरदिनीचा आवाज आला. तो ती रागावली की येतो तो नव्हता. "मुक्ते, खरं सांग. काय हवंय तुला?"

"मी पुरे म्हटलं की ही जाणार," मुक्ता म्हणाली.

"जाणारच ग. काम आहे तिला."

"ही मरायला जाणार. मला माहितीये. प्रल्हादआजोबांनी आबांना सांगितलं, आबांनी आजीला सांगितलं. सबको पता है." तिचा आवाज फुटला. "सगळ्यात पावरफुल हीच आहे ना? मग ते सातजण का नाही मरत?"

मी दाराकडे पाठ करून उभा होतो, तरी आतल्या सगळ्या बायका माझ्याकडेच बघत आहेत हे मला कळलं. विष्णुपंत एकदम गंगेच्या दिशेने बघायला लागले. मला वाईट वाटलं, आणि ते मी इथे स्पष्ट लिहितो. एका मुलीला दोन आठवडे एकटीने ही गोष्ट मनात धरायला लागली होती, आणि ती मी ओट्यावर चहाबरोबर वाटली होती.

"मलाही हाच प्रश्न पडला होता," आतून मालविका म्हणाली. सर्दीमुळे तिचा आवाज घोगरा होता. "मी विचारलंसुद्धा त्यांना."

"मग?"

"म्हणाले, ते सातजण मेले तर लोक चिडतील. तू मेलीस तर रडतील. पाच चित्रपट झाले, मुक्ता. सगळे मिळून माझं काम सत्तावीस मिनिटांचं आहे. मी मोजलंय. इथे तासाभराहून जास्त झाला, आणि सुरुवातीपासून कुणी मला कुठे पाठवलं नाही. मला इथे बरं वाटतंय."

"हे काही तुमच्या सिनेमातच नाही हो," शरदिनी म्हणाली. "घरातही तेच. आधी सगळ्यांनी मिळून घोळ घालायचा, मग आम्हाला बोलवायचं, आणि निस्तरलं की म्हणायचं, पुढच्या वर्षी करू." मग आवाज चढवून, "अहो, ऐकताय ना?"

मी ऐकत होतो. मी तुपाची वाटी सरकवली. ती कुणीच मागितली नव्हती.

मग काहीतरी कुजबुज झाली. रुचाने नंतर सांगितलं की मालविका हात परातीतच ठेवून वाकली आणि मुक्ताच्या कानात काहीतरी बोलली. चार वाक्यं असतील. मुक्ताने तिच्याकडे नीट बघून घेतलं, खोटं बोलणाऱ्याकडे बघावं तसं. मग म्हणाली, "पुरे. देवी तृप्त झाली."

नऊ वाजून पाच मिनिटांनी दार उघडलं. मालविका कोपरापर्यंत पुरणाने माखलेले हात धुवून, पंचखाद्याचा घास तोंडात टाकून गल्लीतून धावत सुटली. मागे रंगभूषाकार, ऋतुराज, चामड्याचे पट्टे, आणि सगळ्यांच्या मागे शरदिनी, कासोट्याच्या काळजीने. आम्हीही गेलो. बंदोबस्ताच्या शिपायाने वर बघून मला विचारलं, "यही है महिला ड्रोन?" मी हो म्हणालो. चार वेळा तिला चाळीस फूट वर नेलं, दोनदा उलटी केली. निरी हलली नाही. दिग्दर्शकाने शरदिनीला हात जोडले आणि तिने लुगडं धुऊन परत पाठवायला सांगितलं. बोडण एवढं झालं होतं की आमच्या गल्लीच्या गाईंना पुरून उरलं, आणि उरलेलं पंचगंगा घाटापर्यंतच्या गाईंनी संपवलं. शनिवारी बाळ हैदराबादला गेलं.

मालविकाने कानात काय सांगितलं, ते मुक्ताने कुणालाही सांगितलं नाही. पद्मावहिनींनी गोड बोलून विचारलं, विष्णुपंतांनी शास्त्राचा आधार देऊन विचारलं, मी कचोरी खाऊ घालून विचारलं. ती कचोरी खाऊन निघून गेली. आम्ही समजलो, बाईंनी काहीतरी थाप मारली असणार. शेवट बदलीन वगैरे. आता चित्रपट आला की पोरीचा विरस होणार, ही धास्ती आम्हाला डिसेंबरपर्यंत पुरली. शरदिनी तर म्हणाली, नेऊच नका तिला.

पण नेलं. पाचव्या भागात महाज्वाला पहिले दोन तास एका दगडात बंद होती. मग आली. शरदिनीच्या लाल लुगड्यात बालाजी घाटावर उभी राहिली, सातजणांकडे एकदा पाहिलं, झेपावली आणि जळून गेली. राखसुद्धा दाखवली. सगळं थिएटर रडत होतं. शरदिनी रडत होती, पद्मावहिनी रडत होत्या, विष्णुपंत उपरण्याने नाक पुसत होते. मी भीतभीत मुक्ताकडे पाहिलं. ती शांतपणे पॉपकॉर्न खात होती.

मी वाकून विचारलं, "मुक्ते, तुला वाईट नाही वाटलं?"

"नाही."

"अगं, मेली ती."

"सहाव्यात आहे ती," मुक्ता म्हणाली. "पहिल्या सीनपासून. पूर्ण पिक्चर तिचाच आहे, ते सातजण लास्टमध्ये येतात. तिने सही पण केलीये."

"हे तुला कुणी सांगितलं?"

"तिनेच. तेव्हा, कानात. बोली, पिक्चर रिलीज होईपर्यंत किसी को बताना मत." तिने पडद्याकडे बोट दाखवलं. "आता झाला ना."

दहा महिने. शाळेत मैत्रिणी, घरात आजी, ओट्यावर आबा, वर माझ्या चार कचोऱ्या. आठ वर्षांच्या पोरीने तोंड उघडलं नव्हतं. मला थोडं लागलंच. "निदान मला तरी सांगायचंस ग," मी म्हणालो.

मुक्ताने खाणं थांबवून माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही, फार मायेने पाहिलं. "तुम्हाला कसं सांगणार, आजोबा," ती म्हणाली, आणि पॉपकॉर्नचा पुडा माझ्यापुढे धरला.